बायबलचा अर्थ लावताना 'शब्दशः' म्हणजे नेमकं काय? आणि लगाम कोणाच्या हातात?

(ही अनेकांची चर्चा आहे. प्रत्येक भागाच्या वर लिहिणाऱ्याचं टोपणनाव आहे.)

तळटीप

'अमुक पंथ बायबल शब्दशः घेतो आणि तमुक पंथ रूपक म्हणून' ही वाटणी प्रत्येक चर्चेत येते आणि चर्चा तिथेच रुतते. मुळात ही वाटणीच कामाची नाही. कट्टरातला कट्टर शब्दशःवादीही 'मी खरा द्राक्षवेल आहे' (योहान १५:१) वाचून पानं शोधायला लागत नाही. उलट, रूपकांचा बादशहा म्हणून ज्याला नावं ठेवली जातात त्या ओरिगेन या ख्रिस्ती विद्वानाने तिसऱ्या शतकात जुन्या कराराचे हिब्रू आणि ग्रीक पाठ सहा रकान्यांत शेजारी शेजारी मांडून शब्द न् शब्द ताडून पाहिला होता.

फरक आहे तो दुसरीकडे. वाचणारा भरकटला तर त्याला आवरायचं कोणी, आणि कशाच्या जोरावर? प्रत्येक परंपरेने त्यासाठी एक लगाम ठेवला आहे. तो ओळखला की 'हे लोक असा अर्थ कसा काय काढतात' हे कोडं बरंचसं सुटतं.

मध्ययुगात पश्चिमेकडच्या चर्चमध्ये चार अर्थांची पद्धत रुळली. योहान कासियन (मृत्यू सुमारे ४३५) यरुशलेमचं उदाहरण देतो. इतिहासात ते यहुद्यांचं शहर, रूपकार्थाने ख्रिस्ताची मंडळी, नैतिक अर्थाने माणसाचा जीव, आणि शेवटचा अर्थ परलोकाचा, म्हणजे स्वर्गीय नगरी. पुढे विद्यार्थ्यांनी घोकायला दोन लॅटिन ओळी रचल्या गेल्या. त्यांचा आशय असा: काय घडलं ते अक्षर सांगतं, काय मानायचं ते रूपक, काय करायचं ते नीती, आणि कुठे पोचायचं ते चौथा अर्थ.

म्हणजे एका वचनातून वाटेल ते चार अर्थ? नाही. तेराव्या शतकात थॉमस अक्वायनसने इथे लगाम घातला. बाकीचे तिन्ही अर्थ अक्षरार्थावर उभे राहतात. वादात पुरावा म्हणून फक्त अक्षरार्थ चालतो. आणि श्रद्धेला आवश्यक असं काहीही गूढार्थात दडलेलं नसतं, ते शास्त्रात दुसरीकडे उघड सांगितलेलं असतंच. शिवाय त्याचा अक्षरार्थ आपण समजतो तो नव्हे. 'देवाचा बाहू' याचा अक्षरार्थ दंड-कोपर-मनगट नसून सामर्थ्य हाच आहे, असं तो स्पष्ट म्हणतो. लेखकाने अलंकार वापरला असेल तर अलंकारातून जे सांगायचं आहे तोच अक्षरार्थ. 'शब्दशः' या शब्दावरची निम्मी भांडणं इथेच मिटावीत.

बाकीचे लगाम थोडक्यात. कॅथलिक: ट्रेंटच्या परिषदेने ८ एप्रिल १५४६ रोजी ठरवलं की चर्चने धरलेल्या अर्थाविरुद्ध आणि चर्चपित्यांच्या (सुरुवातीच्या शतकांतल्या मान्य ख्रिस्ती शिक्षकांच्या) एकमताविरुद्ध अर्थ लावायचा नाही. ऑर्थोडॉक्स: ६९२च्या त्रुल्लो परिषदेचा १९वा नियम उपदेशकाला चर्चपित्यांच्या व्याख्यानांना धरून राहायला सांगतो. प्रॉटेस्टंट: शास्त्राचा अर्थ शास्त्रच लावतं, अवघड वचन सोप्या वचनाच्या उजेडात वाचायचं (वेस्टमिन्स्टर कबुलीजबाब, १६४६, पहिलं प्रकरण). मेथडिस्ट परंपरेत शास्त्राच्या जोडीला परंपरा, विवेकबुद्धी आणि अनुभव धरतात, पण चौघांचं वजन सारखं नसतं, शास्त्र वरचढच.

---

खडूफळा

मांडणी पटली, पण हवेत राहते. एकच उतारा घ्या आणि या सगळ्या पद्धती त्यावर चालवून दाखवा. चांगल्या शोमरोन्याचा दाखला घ्या, तो सगळ्यांना ठाऊक असतो.

---

ओवीमागची ओवी

लूक १०:२५–३७. लुटारूंनी जखमी करून टाकलेल्या प्रवाशाला याजक आणि लेवी (मंदिराचा सेवक) टाळून पुढे जातात, आणि यहुद्यांना परका, नावडता असलेला शोमरोनी त्याची सेवा करून त्याला उतारशाळेत ठेवतो, ही ती गोष्ट. दाखला ३०व्या वचनाला सुरू होतो, पण उतारा २५पासूनच घ्यायचा. ही पहिली पायरी, आणि घोळ सर्वाधिक इथेच होतो.

आधी जुनी रूपकपद्धत पाहू. चर्चपिता ऑगस्टीनच्या मांडणीत जखमी माणूस म्हणजे आदाम, यरुशलेम म्हणजे स्वर्गीय नगरी, यरीहो म्हणजे मर्त्यपणा, लुटारू म्हणजे सैतान आणि त्याचे दूत, याजक व लेवी म्हणजे जुन्या करारातली सेवा, शोमरोनी म्हणजे ख्रिस्त, उतारशाळा म्हणजे मंडळी, तिचा रखवालदार म्हणजे पौल. मग दोन दीनार कोणते? ऑगस्टीन म्हणतो, प्रीतीच्या दोन आज्ञा. ओरिगेनच्या प्रवचनात तीच नाणी पिता आणि पुत्र होतात. दोन्ही अर्थ विश्वासाला धरून आहेत, दोन्ही देखणे आहेत, आणि कोणता खरा हे ठरवायला उताऱ्यात काहीच सापडत नाही. रूपकपद्धतीची अडचण ही अशी. ती खोटं सांगते असं नव्हे. चूक झाली तर पकडायला तिच्यात सोय नाही. सोळाव्या शतकातला धर्मसुधारक कॅल्विन याने या दाखल्याच्या भाष्यात नेमकं यावरच बोट ठेवलं.

आता बारकाईचं वाचन.

१. प्रश्न कोण विचारतो? शास्त्री विचारतो, 'माझा शेजारी कोण?' (२९). येशू शेवटी उलटा प्रश्न टाकतो, 'तिघांपैकी कोण शेजारी झाला?' (३६). शास्त्र्याला यादी हवी होती, कोणावर प्रीती करायची आणि कोणावर नाही याची. येशूने शेजारी हा शब्द घेणाऱ्याकडून काढून देणाऱ्याला लावला. सगळा दाखला या वळणावर उभा आहे, आणि ३०–३५ एवढाच तुकडा वाचला तर ते हातून निसटतं.

२. 'उतरून' हा शब्द. यरुशलेम उंचावर, यरीहो समुद्रसपाटीच्याही खाली. याजक उतरत होता (३१), म्हणजे मंदिराकडे नव्हे तर मंदिरापासून दूर चालला होता. 'मेलेल्याला शिवून विटाळ झाला असता तर सेवा चुकली असती' ही पळवाट त्यामुळे लंगडी पडते. भरीला मिश्ना हा यहुदी नियमसंग्रह (नाझीर ७:१) वाली नसलेल्या प्रेताची सोय लावायला महायाजकालाही मोकळीक देते.

३. तिसरा कोण यायला हवा होता? याजक, लेवी आणि साधा इस्राएली ही ठरलेली उतरंड. ऐकणारा इस्राएल्याची वाट बघत असताना शोमरोनी येतो. आधीच्याच अध्यायात (९:५२–५३) शोमरोन्यांच्या एका गावाने येशूला थारा दिला नव्हता, हे लूकने वाचकाच्या मनात आधीच पेरून ठेवलं आहे.

४. शास्त्र्याचं उत्तर पाहा: 'त्याच्यावर दया करणारा' (३७). 'शोमरोनी' हा शब्द त्याच्या तोंडून निघत नाही.

एवढं झाल्यावर 'शोमरोनी म्हणजे ख्रिस्त' असं म्हणायचं का? म्हणायला हरकत नाही, पण उपदेश म्हणून. उताऱ्याचा अर्थ म्हणून नाही.

---

तळटीप

उत्तम. एक पुस्ती जोडतो. या रूपकांविरुद्धची प्रतिक्रियाही टोकाला गेली होती. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस अडॉल्फ युलिखर या जर्मन अभ्यासकाने दाखल्याला एकच मुद्दा असतो असा दंडक घातला. पण पेरणाऱ्याच्या दाखल्याचं स्पष्टीकरण (मार्क ४:१४–२०) जमीन, पाखरं, काटे, सगळ्यांचा एकेक अर्थ देतं. युलिखरला ते स्पष्टीकरण नंतरच्या मंडळीचं म्हणून बाजूला ठेवावं लागलं. नियम वाचवण्यासाठी मजकूर कापायची वेळ आली की नियमच तपासावा.

---

साक्षेप

रूपक आणि प्रतिरूप यांत गल्लत नको. प्रतिरूपात जुन्या करारातली खरी व्यक्ती किंवा घटना पुढच्या गोष्टीचा नमुना ठरते, आणि तिचं ऐतिहासिकपण शाबूत राहतं. पौल आदामाला तसा म्हणतो (रोम ५:१४). पितळी साप (गणना २१:९ आणि योहान ३:१४), माशाच्या पोटातला योना (मत्तय १२:४०), जलप्रलय आणि बाप्तिस्मा (१ पेत्र ३:२०–२१) ही त्याच जातीची. अंत्युखियाच्या परंपरेतले दियोदोर, मोप्सुएस्तियाचा थिओदोर, योहान क्रिसोस्तोम यांना प्रतिरूप चालत होतं. इतिहास पुसून टाकणारं रूपक मात्र चालत नव्हतं. मग गलतीकरांस ४मध्ये पौल अब्राहामाची दासी हागार आणि पत्नी सारा यांच्याबद्दल थेट रूपकाचाच शब्द वापरतो त्याचं काय? त्यांचं म्हणणं, पौलाने शब्द सैल वापरला, पण हागार खरी होती हे तो नाकारत नाही.

कसोट्या तीन. नवा करार स्वतः ते नातं जोडतो का? साम्य घटनेच्या गाभ्यात आहे की नुसतं रंगात वा आकड्यात? आणि मूळ घटनेला तिच्या जागी स्वतःचा अर्थ उरतो का? यरीहोत इस्राएली हेरांना लपवणाऱ्या राहाबेची किरमिजी दोरी म्हणजे ख्रिस्ताचं रक्त, हा अर्थ रोमच्या क्लेमेंटच्या पत्रापासून, म्हणजे पहिल्या शतकाच्या अखेरीपासून चालत आला आहे, पण नव्या करारात तो नाही. दुसऱ्या कसोटीवरही साम्य फक्त रंगाचं. जुना आहे म्हणून आदर ठेवावा, सिद्धांत त्यावर टांगू नये.

कसोटी नसली की काय होतं त्याचा नमुना 'बर्णबाच्या पत्रा'त, म्हणजे नव्या कराराबाहेरच्या एका जुन्या ख्रिस्ती लेखनात आहे. अब्राहामाचे ३१८ दास (उत्पत्ती १४:१४). ग्रीक अंकांत १० म्हणजे इओटा, ८ म्हणजे ईटा. ही 'येशू' नावाची पहिली दोन ग्रीक अक्षरं. ३०० म्हणजे टाऊ, आणि टाऊचा आकार क्रूसासारखा. म्हणून अब्राहामाला क्रूसावरचा येशू दिसला! हिशेब चोख, फक्त उत्पत्ती हिब्रूत लिहिलेलं आहे.

---

आडवा प्रश्न

तळटीप, तुम्ही प्रॉटेस्टंट लगाम दोन ओळींत आटोपलात. पण सर्वांत जास्त तुटतो तोच. १५२९मध्ये मारबुर्गला लूथर आणि झ्विंग्ली हे दोन धर्मसुधारक समोरासमोर बसले. दोघांचं तत्त्व एक: फक्त शास्त्र. १५ कलमांपैकी १४ जुळली. अडलं ते प्रभुभोजनावर, म्हणजे भाकर आणि द्राक्षारसाच्या विधीवर. लूथरने 'हे माझे शरीर आहे' हे टेबलावर खडूने लिहून ठेवलं. झ्विंग्ली म्हणाला, इथे 'आहे' म्हणजे 'दर्शवतं', आणि त्यासाठी योहान ६:६३ पुढे केलं: 'देहापासून काही लाभ होत नाही.' अवघड वचन सोप्याने उलगडा म्हणता, पण सोपं वचन कोणतं हे कोण ठरवणार?

दुसरं उदाहरण, रोम ३:२८ आणि याकोब २:२४. एक म्हणतो माणूस नीतिमान ठरतो तो नियमशास्त्राच्या कर्मांवाचून विश्वासाने, दुसरा म्हणतो केवळ विश्वासाने नव्हे. आणि दोघेही आधार घेतात तो उत्पत्ती १५:६चा, अब्राहामाचा विश्वास नीतिमत्त्व गणला गेला त्या वचनाचा! लूथरने १५२२च्या प्रस्तावनेत याकोबाच्या पत्राला सरळ 'गवताचं पत्र' म्हटलं. म्हणजे 'शास्त्राने शास्त्र' चालवताना पौल आधीच न्यायाधीशाच्या खुर्चीत बसलेला होता.

---

तळटीप

आक्षेप मान्य. प्रत्यक्षात प्रत्येक प्रॉटेस्टंट परंपरेने आतला एक लगाम जोडला आहे. लूथरन वाचक विचारतो, हे वचन नियम म्हणून बोलतंय की सुवार्ता म्हणून. रिफॉर्म्ड (कॅल्विनच्या परंपरेतला) वाचक देवाने माणसाशी केलेल्या कराराच्या चौकटीत वाचतो. युगवादी वाचक इस्राएल आणि मंडळी यांना दिलेली वचनं वेगळी ठेवतो. १९०९च्या स्कोफील्ड बायबलमधल्या टिपांनी ती चौकट घरोघर नेली. कागदावर लगाम शास्त्र, हातात मात्र चौकट. तसा तो कॅथलिक वाचकाच्या हातातही आहेच, फक्त तिथे तो उघड लिहून ठेवलेला असतो.

रोम आणि याकोबापुरतं: दोघांचा 'विश्वास' एकच नाही. याकोबाच्या २:१९मध्ये भुतंही विश्वास धरतात आणि थरथर कापतात, म्हणजे तो नुसत्या कबुलीबद्दल बोलतोय. पौल भरवशाबद्दल. एकाच शब्दाला लेखक बदलला की अर्थ बदलतो. शब्दकोश उघडून हे कळत नाही, ते पत्र पूर्ण वाचून कळतं.

---

पाठभेद

ऐतिहासिक-समीक्षक पद्धत अजून कोणी काढली नाही म्हणून लिहितो. तिचे प्रश्न असे: हा मजकूर कोणत्या प्रतींत कसा आहे, कोणत्या स्रोतांतून आला, मौखिक रूपात कशासाठी वापरला जाई, आणि शेवटच्या संपादकाने त्याला काय वळण दिलं. पंचग्रंथ, म्हणजे बायबलची पहिली पाच पुस्तकं, चार स्रोतांतून विणला गेला ही वेलहाउझेनची १८७०च्या दशकातली मांडणी, किंवा मत्तय आणि लूक यांनी मार्क समोर ठेवून लिहिलं हा निष्कर्ष, ही त्याची फळं. कॅथलिक चर्चने आधी तिच्याकडे संशयाने पाहिलं. १९४३मध्ये पोप बारावे पायस यांनी साहित्यप्रकार अभ्यासायला दार उघडलं, आणि दुसऱ्या व्हॅटिकन परिषदेच्या १८ नोव्हेंबर १९६५च्या 'देई व्हेर्बुम' या दस्तऐवजाच्या १२व्या परिच्छेदात दोन्ही गोष्टी एकत्र आल्या: लेखकाला काय म्हणायचं होतं ते त्याच्या काळाच्या लेखनप्रकारांतून शोधा, आणि मग संपूर्ण शास्त्राची एकता, चर्चची जिवंत परंपरा व श्रद्धेची सुसंगती यांच्या प्रकाशात वाचा. इव्हँजेलिकल बाजूने १९७८च्या शिकागो निवेदनात शास्त्राची अचूकता ठामपणे मांडली, पण गोल आकडे, अतिशयोक्ती किंवा विषयवार मांडणी यांना चूक धरू नये हेही त्यातच आहे. दोन्ही टोकं वाटतात तितकी लांब नाहीत.

ही पद्धत बिघडते कुठे? मजकुराचे तुकडे केले की काम संपलं असं वाटतं तिथे. स्रोत वेगळा काढला म्हणजे अर्थ लागला असं नव्हे. ब्रेव्हर्ड चाइल्ड्स या अभ्यासकाने याचसाठी आग्रह धरला की मंडळीने शास्त्र म्हणून स्वीकारलेलं अखेरचं रूप वाचलं पाहिजे.

नमुना म्हणून यशया ७:१४, एक तरुणी गर्भवती होऊन मुलाला जन्म देईल हे चिन्ह. आहाज राजापुढे अराम आणि इस्राएलच्या युतीचं संकट आहे. ७:१६ म्हणतं, मुलगा वाईट टाकायला शिकण्याआधीच त्या दोन राजांचा देश ओसाड होईल. म्हणजे चिन्ह आहाजच्या हयातीतलं हवं. हिब्रू शब्द 'अल्मा', तरुणी. ग्रीक भाषांतराने 'पार्थेनोस', कुमारी, हा शब्द घेतला, आणि मत्तय १:२३ ग्रीक पाठाला धरून आहे. यावर कोणी दुहेरी पूर्ती मानतं, कोणी प्रतिरूप, कोणी मानवी लेखकाला न उमगलेला पण देवाला अभिप्रेत असा 'पूर्णतर अर्थ'. होशेय ११:१ ('मिसरातून मी माझ्या मुलाला बोलावले') आणि मत्तय २:१५ इथे तर भविष्यवाणीच नाही. होशेय सरळ निर्गमाच्या, इस्राएल मिसरातून बाहेर पडला त्या भूतकाळाबद्दल बोलतो. प्रतिरूप मानल्याशिवाय ते अवतरण बसत नाही.

---

खडूफळा

घरी किंवा गटात वाचणाऱ्यांनी नेमकं काय करायचं? ग्रीक-हिब्रू येत नाही असं धरून सांगा.

---

ओवीमागची ओवी

क्रमाने सांगतो.

उताऱ्याची हद्द स्वतः ठरवा. अध्याय तेराव्या शतकात पाडले गेले, ते स्टीफन लँग्टनच्या नावावर आहेत; नव्या कराराचे वचनांक १५५१मध्ये रोबेर एस्तिएनने घातले. मूळ लेखकांचा त्याच्याशी संबंध नाही. १ करिंथ ११:१ हे खरं तर दहाव्या अध्यायाचं शेवटचं वाक्य. यशया ५३चं दुःखी सेवकाचं गीत ५२:१३ला सुरू होतं.

दोन-तीन भाषांतरं शेजारी ठेवा. जिथे फाटा फुटतो तिथे मूळ शब्द अवघड आहे किंवा प्रतींत पाठभेद आहे, असं समजून तिथेच थांबा. मार्क १६:९–२० आणि योहान ७:५३–८:११ यांच्याजवळची टीप वगळू नका.

'म्हणून', 'कारण', 'पण' यांखाली रेघ ओढा. पत्रांमध्ये युक्तिवाद या शब्दांवर चालतो. रोम १२:१चा 'म्हणून' मागच्या अकरा अध्यायांवर टेकलेला आहे.

सर्वनामं पाहा. इथे मराठी वाचकाची चैन आहे, कारण इंग्रजीत 'तू' आणि 'तुम्ही' एकच होऊन बसतात. लूक २२:३१–३२मध्ये सैतानाने 'तुम्हांला' चाळायला मागितलं, पण येशूने प्रार्थना केली ती 'तुझ्यासाठी', हा फरक मूळ ग्रीकमध्ये आहे आणि मराठीत टिकतो. १ करिंथ ३:१६चं 'तुम्ही देवाचे मंदिर आहात' हे सगळ्या मंडळीला मिळून आहे. मात्र मराठीत 'तुम्ही' आदरार्थीही असल्याने एकेकट्याला लावायचा मोह होतो. उलट अडचणही आहे. 'आम्ही' आणि 'आपण' हा भेद ग्रीकमध्ये नाही, त्यामुळे प्रत्येक ठिकाणी तो भाषांतरकाराने ठरवलेला असतो. मार्क ४:३८मध्ये, वादळातल्या नावेत, बुडणाऱ्यांत शिष्य येशूला धरतात की नाही, हा निर्णय मूळ पाठाचा नसतो.

लागू करणं सर्वांत शेवटी. यिर्मया २९:११, 'तुमच्याविषयी माझ्या मनात जे संकल्प आहेत', भिंतीवर टांगलं जातं ते एकट्याचं वचन म्हणून. वरचं वचन म्हणतं, आधी बाबेलात ७० वर्षं. पत्र बंदिवानांच्या अख्ख्या समाजाला आहे, आणि ऐकणाऱ्यांतले बहुतेक परत फिरणार नव्हते. आशा खरीच आहे, पण नातवंडांच्या पिढीची.

शब्दांच्या व्युत्पत्तीवर प्रवचन रचू नका. रोम १:१६च्या 'दुनामिस'वरून डायनामाइटचा स्फोट करणारे विसरतात की डायनामाइट १८६७चं आहे. योहान २१चे 'अगापे' आणि 'फिलेओ' घ्या: एक दैवी प्रेम, दुसरं मैत्रीचं, असं छापील वाटप चालतं. पण पिता पुत्रावर प्रीती करतो हे योहान ३:३५ला एका क्रियापदाने आणि ५:२०ला दुसऱ्याने सांगतो. २ तीमथ्य ४:१०मध्ये देमासने जगावर केलेली प्रीती 'अगापे'चीच आहे.

---

साक्षेप

+१. फक्त 'लागू करणं शेवटी' हे प्रत्येक परंपरेला मान्य नाही. लेक्तियो दिविना या प्रार्थनापूर्वक वाचनाच्या पद्धतीमध्ये (बाराव्या शतकातल्या गीगो दुसऱ्याच्या चार पायऱ्या: वाचन, मनन, प्रार्थना, ध्यान) वचनाने आपल्याला वाचावं अशी अपेक्षा असते. मुक्तिवादी आणि दलित वाचनात तर सुरुवातच पीडितांच्या अनुभवापासून होते; निर्गम त्यांचा गाभा. त्याला आतून आलेलं आव्हान असं, की निर्गमाची कथा पुढे यहोशवात, कनान देश जिंकण्यापर्यंत, जाते तेव्हा कनानी लोकांनी ती कुठल्या बाजूने वाचायची? ऑर्थोडॉक्स परंपरेत अर्थ उपासनेच्या वेळापत्रकात बसवलेला असतो. पुनरुत्थानाच्या आदल्या पवित्र शनिवारी योनाचं पुस्तक पूर्ण वाचतात, की भाष्य वेगळं करायला नकोच.

---

आडवा प्रश्न

प्रकटीकरण, बायबलचं शेवटचं पुस्तक, राहिलं. तिथे 'शब्दशः'ची सगळ्यात जास्त दैना होते.

---

पाठभेद

चार पंथ: पहिल्या शतकातच घडलं म्हणणारे, सगळा चर्च-इतिहास त्यात पाहणारे, बहुतेक भविष्यात टाकणारे, आणि कालातीत संघर्षाचं चित्र मानणारे. तोडगा सोपा नाही, पण आकडे हाताळायची रीत आहे. १,४४,००० (७:४) म्हणजे १२ × १२ × १०००. लगेच ७:९मध्ये 'कोणाला मोजता न येणारा' समुदाय येतो. योहान आकडा ऐकतो, पाहतो मात्र अगणित. श्वापदाच्या ६६६ या आकड्यासाठी 'नेरोन कैसर' हे नाव हिब्रू अक्षरांच्या अंकमूल्यांनी मोजा, बेरीज ६६६ भरते. काही प्रतींत ६१६ आहे. शेवटचा 'नून', किंमत ५०, गाळून 'नेरो' लिहिलं की तोही जमतो. दोन्ही पाठ एका नावाने सुटतात म्हणून हा अंदाज वजनदार. ख्रिस्ताच्या राज्याची हजार वर्षं (२०:१–६) मात्र अशी सुटत नाहीत. ऑगस्टीनने ती मंडळीचा चालू काळ मानली.

---

खडूफळा

शेवटचा एक. १ करिंथ १४:३४–३५, स्त्रियांनी गप्प बसावं, आणि त्याच पत्रात ११:५ला स्त्रिया प्रार्थना करतात, संदेश देतात. यावर कोणता लगाम?

---

पाठभेद

आधी पाठ पाहा. काही पाश्चात्त्य प्रतींत ही दोन वचनं ४०व्या वचनानंतर येतात. म्हणून काहींच्या मते ती समासातली टीप होती, मग मजकुरात शिरली. विरुद्ध बाजू: ती मुळीच नाहीत अशी ग्रीक प्रत हाती आलेली नाही. ती पौलाचीच धरली तर १४:२८ आणि १४:३०मध्येही तेच 'गप्प बसावं' हे क्रियापद आहे, अर्थ लावणारा नसेल तर अन्य भाषा बोलणाऱ्याला आणि दुसऱ्याला प्रकटीकरण झालं तर आधीच्या संदेष्ट्याला. तिथे ते कायमचं मौन कोणीच मानत नाही.

---

साक्षेप

पण ३४मध्ये 'नियमशास्त्रही म्हणते' असा आधार जोडलेला आहे, २८ आणि ३०ला तो नाही. तुलना करताना तेवढा फरक धरा.